अंगणातलं चंडीगड

शेजारच्यांचा मुलगा चंडीगडला नव्या शहराचे नकाशे काढायच्या नोकरीत होता. दर मे महिन्यात रत्नागिरीला यायचा. आमच्या पडवीत शिरताना स्वतःच्या बुटांशेजारी माझ्या वहाणाही सरळ रेषेत लावायचा. मला ते खपत नसे.

यंदा त्यानं काठीनं आमच्या अंगणात तिथला अख्खा सेक्टर, म्हणजे एक वस्ती, काढून दाखवला. सरळ रस्ते, मधे बाग, सगळी घरं एकसारखी.

"पाणी कुठनं आणतात हो, भावजी?" बायकोनं विचारलं.

"आणायचं कशाला, वैनी? नळ स्वयंपाकघरातच."

"मग बायका एकमेकींना भेटतात कुठे?" मी म्हटलं. दोघांनीही माझ्याकडे पाहिलं नाही.

दुसऱ्या दिवशी बायकोनं विहिरीवरून कळशा आणून अंगण सारवलं. तेवढा सेक्टर सोडून.