तळातला खिमा

वांगी-खिम्याचा भात ही आमच्या घराची खासियत आहे, असं आमच्याकडचं कुणी म्हणालं की माझं डोकं फिरतं. म्हणणारे बहुतेक पुरुषच असतात. लग्नकार्यात जेवणं उरकली, हात धुऊन सगळे सतरंजीवर टेकले, की एकजण विषय काढतो, "काकूच्या हातचा तो भात आठवतो का रं?" बाकीचे माना डोलावतात. एखाद्याच्या तर डोळ्यांत पाणीही येतं. चव त्यांना अजून आठवते. तो भात माझ्या आईला का करावा लागला, हे मात्र त्यातल्या एकानंही आजवर विचारलेलं नाही. म्हणून सांगते.

बहात्तरच्या दुष्काळातली गोष्ट. आमचं गाव श्रीगोंदा तालुक्यात. चारा मिळेना म्हणून लोक शेरडं कापायला काढत होते. त्यामुळं धान्याची मारामार असलेल्या त्या वर्षी मटण एरवीपेक्षा जास्त वेळा घरात आलं. गावात बोकड कापला की त्याचे वाटे घालत. पळसाच्या पानांवर सारखे ढीग मांडायचे, प्रत्येकात थोडं काळीज, थोडी चरबी, थोडी हाडं, आणि ज्यानं त्यानं आपला वाटा उचलायचा. वाटे घालताना माणसं फार काटेकोर. एका ढिगात काळजाचा तुकडा जरा मोठा पडला तरी हमरीतुमरी व्हायची. तोच वाटा घराच्या उंबऱ्याआड आला की हा सगळा काटेकोरपणा संपायचा.

कारण घरात पीस पुरुषांचे आणि रस्सा बायकांचा. मटणाची चूल परसात, त्याची भांडी वेगळी. कांदा-खोबरं भाजायचं आईनं, पाट्यावर वाटायचं आईनं, धुरात डोळे चोळत बसायचं आईनं. वाढायला मात्र आत्या. आत्या म्हणजे वडिलांची मोठी बहीण. नवरा गेल्यावर ती माहेरी येऊन राहिली होती आणि पळीचा मान तिच्याकडं होता. ती रश्श्यात पळी बुडवून वर काढी तेव्हा नेमका पीस घेऊन येई. तो आधी थोरल्या चुलत्यांच्या ताटात, मग वडिलांच्या, मग चुलतभावांच्या. सगळे पुरुष ढेकर देऊन उठले की आम्ही बायका बसायचो. तोवर पातेल्यात लाल पाणी आणि एखादं हाड उरलेलं असे.

त्या वर्षी माझी थोरली बहीण पहिल्या बाळंतपणाला माहेरी आली होती. तिचं सासर अकोले तालुक्यात, भंडारदऱ्याच्या डोंगरात. तो भाताचा मुलूख. सासूनं बाळंतिणीसाठी तांदळाचं गाठोडं बरोबर दिलं होतं. आमच्याकडं भात फक्त सणाला, त्यामुळं त्या गाठोड्यावर सगळ्या घराचा डोळा. बाळंतपण अवघड गेलं, रक्त फार गेलं. महिना उलटून गेला तरी बहीण उठून बसली की तिच्या डोळ्यांपुढं अंधारी यायची. दूध पुरत नव्हतं आणि बाळ रडून रडून दमायचं. दवाखान्यातल्या नर्सबाईंनी तिची पापणी खाली ओढून पाहिली आणि आईला सांगितलं, "हिच्या अंगात रक्तच राहिलं नाही. नुसत्या गोळ्यांनी भागायचं नाही. मटण, काळीज खायला घाला, नाहीतर दोन्ही जीव हातचे जातील."

आई थोरल्या दिरांसमोर बोलत नसे. तिनं आत्याला सांगितलं, आत्यानं चुलत्यांना. चुलते ओसरीवर सुपारी कातरत बसले होते. म्हणाले, "द्या की तिला. वाटीभर रस्सा जास्त द्या. सगळी ताकद रश्श्यात उतरती."

आज इतक्या वर्षांनीही हे वाक्य आठवलं की माझ्या अंगाचा तिळपापड होतो. सगळी ताकद रश्श्यात उतरते हे इतकं ठाम ठाऊक होतं, तर मग हे स्वतः पीस का चघळत होते? माझे वडील शेजारीच बसले होते. ते काही बोलले नाहीत.

पुढचा वाटा आला तेव्हा आईनं वेगळंच काम काढलं. बाभळीचा ओंडका धुऊन घेतला आणि कोयत्यानं सगळं मटण बारीक तोडायला बसली. हाडं बाजूला, बाकी सगळ्याचा खिमा. मी विचारलं तर हळूच म्हणाली, "पीसच राहिला न्हाई तर निवडनार काय?" खिमा मसाल्यात परतला, बहिणीचाच तांदूळ त्यात घातला आणि सगळं एकजीव केलं. आता पळी कुठंही घाला, सगळीकडं सारखंच येणार. आईच्या चेहऱ्यावर मी इतकं समाधान क्वचित पाहिलंय.

पुरुष जेवायला बसले आणि तो भात त्यांना बेहद्द आवडला. निवडायची सोय आईनं मोडली होती, पण रांग तशीच होती, हे तिच्या ध्यानातच आलं नाही. हाडं नाहीत, चावायचे कष्ट नाहीत, नुसता भुरका मारायचा. मागून मागून घेतलं त्यांनी. चुलतभावांनी तर पैज लावून खाल्लं. पातेलं आमच्यापर्यंत आलं तेव्हा त्यात बुडाला धरलेली खरवड तेवढी होती. बाळंतिणीसाठी आणलेला तांदूळ, बाळंतिणीसाठी तोडलेला खिमा, आणि बाळंतीण पळीनं पातेलं खरवडतेय. वर चुलते हात पुसत आत्याला म्हणाले, "असाच करत जावा. झ्याक झाला." आई त्या दिवशी जेवलीच नाही.

न्हाणीचं सांडपाणी जायचं तिथं आईनं वांग्याची चार रोपं जगवली होती. पुढच्या खेपेला तिनं ती लहान काटेरी वांगी तोडून आणली, तेव्हा आत्या अंगावर आली. बाळंतिणीला वांगं चालत नाही, वातूळ असतं, हे आमच्याकडं लहान पोरही सांगेल. "येडी हाय का तू? अंगावर पितं लेकरू हाय. पोट धरंल त्याचं."

"म्हनून तर वांगी वरच्या वर लावते, वन्सं," आई म्हणाली. "तळाचा भात बिनवांग्याचा राहील, तेवढा पोरीला. वाढताना तळ तेवढा ढवळू नका. वांग्याचा रस खाली उतरला तर लेकराला बाधंल."

आत्याला हे पटलं. न पटून सांगते कुणाला? रीत तिचीच होती.

मी चुलीपाशी बसून सगळं पाहत होते. आईनं कांदा करडईच्या तेलात लाल केला, भाजलं खोबरं, लसूण आणि काळं तिखट घातलं, त्यात खिमा परतला. काळीज अगदी बारीक करून त्यातच. मग त्यातला मूठभर खिमा तिनं बाजूला काढला आणि चिरा दिलेल्या वांग्यांत मसाल्याबरोबर थोडा थोडा भरला. बाकीचा सगळा खिमा जर्मनच्या, म्हणजे अॅल्युमिनियमच्या पातेल्याच्या तळाला पसरला. त्यावर अर्धवट शिजवलेला भात दाबून बसवला आणि भातावर वांगी दाटीनं लावली. खाली विस्तव मंद, झाकणावर निखारे. वास असा सुटला की ओसरीवरूनच चुलत्यांची हाक आली, झालं का म्हणून.

आत्यानं वरवरनं वाढलं. चुलत्यांनी वांगं फोडलं, आत खिमा सापडला, आणि ते खूश झाले. "वांग्यात मटन भरलंय. डोकं हाय बाईला." सगळ्यांनी वांगी आणि मसाल्याचा भात पोटभर खाल्ला आणि उठले. मग आम्ही बसलो. आत्यानं पळी तळापर्यंत घातली आणि वर काढली तेव्हा ती खिम्यानं भरलेली होती. तिनं पळीकडं पाहिलं, मग आईकडं पाहिलं. आई खाली मान घालून बाळाला थोपटत होती. आत्यानं ती पळी बहिणीच्या ताटात पालथी केली, दुसरीही तिलाच वाढली, मग आम्हा सगळ्यांना वाढून स्वतःलाही घेतलं. तिनंही कित्येक वर्षांत मटण असं घास भरून खाल्लं नसेल. त्या दिवसापासून तळ ढवळू नये याबद्दल आईपेक्षा आत्याच जास्त कडक झाली.

एकदाच घोटाळा व्हायची वेळ आली. चुलते म्हणाले, "आगं, जरा तळातनं वाढ की. मसाला समदा खाली बसला असंल." आत्याचा हात जागच्या जागी थांबला. तेवढ्यात वडील म्हणाले, "खालचा करपल्यागत वास येतोय, दादा. अक्का, मला तर वरचंच वाढ." चुलत्यांनी ताट पुढं केलं आणि वरचं घेतलं. वडिलांना वांगं फार आवडतं, असं मला तेव्हा वाटलं.

बहिणीच्या ओठांवर हळूहळू रंग आला. बाळ दूध पिऊन झोपू लागलं. उन्हाळा सरता सरता ती चालत जाऊन एसटीत बसली आणि सासरी गेली. घरात कुणी कुणाला काही बोललं नाही. आई मात्र पुढं आयुष्यभर म्हणायची, "तुझे वडील देवमाणूस. वाढलं ते खाल्लं, तळातलं कधी मागितलं न्हाई."

आई गेल्यावर वडील डोळ्याच्या ऑपरेशनसाठी नगरला माझ्याकडं राहिले होते. एके दुपारी मी गॅसवर तोच भात केला, आईच्याच पद्धतीनं लावून. मी ताट घेतलं तसे ते म्हणाले, "मला वरचंच वाढ गं." आणि हसले. "मला पहिल्या दिवसापासनं ठाऊक हुतं. म्हनून तर मी वरचं मागायचो."

मी भारावून जाईन असं त्यांना वाटलं असावं. मला संताप आला. ही बाई भर उन्हात कोयत्यानं मटण तोडत होती, नणंदेला गोड बोलून गंडवत होती, दरवेळी धास्तीत वाढप बघत होती, आणि यांना सगळं ठाऊक होतं.

"ठाऊक होतं, तर बोलला का नाहीत, आबा? पोरीला आधी वाढा, एवढंच म्हणायचं होतं."

ते गोंधळले. खरोखरच गोंधळले. "थोरल्या भावापुढं? तसं कसं म्हनायचं? रीत हाय का ती?"

मुलगी मरायला टेकली होती, आणि यांच्याकडं तिच्यासाठी होतं ते एवढंच, की स्वतः वांगं खायचं. त्यावर माझी आई जन्मभर यांना देव मानत राहिली.

मी पातेल्यात पळी तळापर्यंत घातली, खिमा वर काढला आणि आधी माझं ताट वाढून घेतलं. त्यांच्यासमोर बसून सावकाश जेवले. ते रिकामं ताट पुढ्यात घेऊन वाट पाहत राहिले. मग उठून त्यांना वाढलं. वरचं.