चुकलेलं रीळ

खाप्याच्या टुरिंग टॉकीजमध्ये माझ्या शेजारी मफलर गुंडाळलेले एक म्हातारे गृहस्थ शेंगदाणे सोलत बसले होते. "हा भुताचा सिनेमा मीच लिवला, मीच काढला," म्हणाले. मी नुसती मान हलवली. तंबूत कोणीही काहीही सांगतं.

ऑपरेटरनं शेवटचं रीळ चुकून मध्येच लावलं. भुताचा मुखवटा उतरला, आतून मुनीम निघाला, पोलिसांनी त्याला नेलं. आणि पुढच्या रिळात भूत पुन्हा हवेलीत फिरू लागलं. मुनीम तर तुरुंगात होता. तंबूत कोणी खोकलंसुद्धा नाही. मीही पाय वर घेतले.

खेळ सुटल्यावर ते म्हातारे गृहस्थ तडक ऑपरेटरकडे गेले. आता त्याची खैर नाही, असं मला वाटलं. त्यांनी उरलेले शेंगदाणे त्याच्या हातावर ठेवले.

"उद्याही असाच लाव गा. बरोबर लावला तं लोकं हासतात."