मुरुमची अव्वा

मुरुमच्या बाजारात महादेवीबाईंकडून कडक भाकरी घ्यायची, तर आधी त्यांची बोलणी खावी लागत. "भाकर घ्यायला आलास का नवरी बघायला? किती येळा उलटीपालटी करतूस!" मग कपाळावर हात मारून "अय्यो शिवने!" हे ठरलेलंच. गिऱ्हाईक हसत हसत दोनाच्या जागी चार भाकरी नेई.

त्यांचा एकुलता मुलगा शिवपुत्र. बारावीनंतर नुसता उंडारत होता, पण नकला करण्यात पटाईत. एक दिवस त्यानं आईचं हिरवं इरकल लुगडं नेसलं, कपाळाला विभूती फासली आणि तिच्यासारखं भांडून रील टाकलं. बघता बघता 'मुरुमची अव्वा' धाराशिवपासून कलबुर्गीपर्यंत घरोघर पोचली. गणपती मंडळं त्याला बोलवायला लागली, दुकानांची उद्घाटनं आली. कार्ट्याच्या अंगात कला होती, हे मी कशाला नाकारू?

पण जिच्या जिवावर हे चाललं, तिला बाजारात बसणं नकोसं झालं. तिनं तोंड उघडलं, की पोरं फोन वर करायची. "अव्वा, शिवने म्हणा की!" मेल्यांना लाज कशी ती नाही. आपण खरोखर चिडलो तरी लोकांना गंमतच वाटते, हे कळल्यावर महादेवीबाई भाव सांगण्यापुरतंच बोलू लागल्या. पुढं घरातही गप्प झाल्या.

शिवपुत्रला आधी वाटलं, रुसली असेल. मग तो घाबरला. रील टाकणं बंद केलं, पाया पडला, शिव्या बसाव्यात म्हणून मुद्दाम चपला घालून चुलीपाशी गेला. तिनं नुसतं बघितलं.

"अव्वा, एकदा तरी वरड की माझ्यावर."

"नगं बाबा. लोक हसतेत."

पोटात दुखतंय, हेसुद्धा तिनं कुणाला सांगितलं नाही. गेल्या माघात ती गेली.

आमच्या लिंगायतांच्या रीतीप्रमाणं तिला बसवलं, विभूती लावली, तेच हिरवं इरकल नेसवलं. शिवपुत्र तोवर कोरडाच होता. तिला उचलताना मात्र त्यानं कपाळावर हात मारला आणि ओरडला, "अय्यो शिवने!" आवाज हुबेहूब तिचा. पोराला रडता येत होतं ते आईच्याच बोलीत.

गर्दीत मागून कुणीतरी हसलं. मग आणखी दोघं-तिघं हसले.

शिवपुत्रनं तोंडावर हात दाबला. आईला मूठमाती देऊन झाली, तरी तो काढला नाही.