कल्हई नसलेल्या पातेल्यातला गुळांबा

लढाईच्या दिवसांत आमचे मालक बेळगावच्या छावणीतून रजेवर आले, तेव्हा पत्र्याच्या डब्यात हातभर काटकी लावून घेऊन आले. साहेबाच्या बंगल्यात हिची झाडं आहेत, लालभडक फळं येतात, चेरी म्हणतात, एवढंच त्यांना ठाऊक. स्वतः एकही फळ खाल्लेलं नव्हतं. परड्यात न्हाणीच्या पाण्यावर त्यांनी ती लावली आणि जाताना म्हणाले, "हिला जप. आल्यावर मला फळं खायला घाल." ते पुढं धडधाकट परत आले, म्हणून तर हे हसत सांगते आहे.

मग काय, जपली! शेळी फिरकली की दगड, पोरं आली की काठी. आष्ट्याजवळच्या आमच्या गावात बायका बघायला यायच्या, त्यांना मी लांबूनच दाखवायची. चौथी शिकलेली सून म्हणून नाक आधीच वर, त्यात विलायती झाड. आधीच मर्कट, त्यात मद्य प्यालेलं, असली माझी गत.

मालकांची पत्रं इराककडून यायची, ती सासूबाईंच्या नावानं. त्यांना मी आत्याबाई म्हणायची. बायकोला पत्र लिहायची तेव्हा रीत नव्हती. वाचून दाखवायचं काम माझं. गुराढोरांपर्यंत सगळ्यांची खुशाली विचारून झाली की शेवटी एक ओळ असायची, 'परड्यातलं झाड कसं आहे?' ते मला विचारलेलं आहे, हे मलाही कळायचं आणि आत्याबाईंनाही. त्या तेवढ्यापुरत्या चुलीकडं बघायच्या.

तिसऱ्या वर्षी झाड लगडलं. मी एक फळ तोंडात टाकलं आणि डोळे गच्च मिटले, इतकं आंबट. पण कबूल कोण करतंय? घरातली चिंच संपली होती म्हणून आत्याबाईंनी आमटीपुरती ओंजळभर फळं मागितली. मी तोंडावर नाही म्हणाले. ही त्यांच्यासाठी राखली आहेत, म्हणाले. पोटात भीती होती ती मात्र बोलले नाही. गावात दोन घरी तारा आल्या होत्या, आणि माणूस परत येईपर्यंत थांबायचा धीर माझ्यात नव्हता. भावकीतला एक शिपाई रजा संपवून त्यांच्याच पलटणीत निघाला होता. त्याच्याबरोबर फळं धाडायचीच, असं मी ठरवलं.

तोडलेली फळं दुसऱ्याच दिवशी आंबली. मग उरलेल्यांचा, कैऱ्यांचा करतात तसा, गुळांबा करायला घेतला. आत्याबाई दारातून म्हणाल्या, त्या पातेल्याला कल्हई राहिली नाही, जिन्नस आंबट आहे, माझं भांडं घे. मला ठाऊक आहे, असं म्हणून मी पितळी पातेलंच चुलीवर चढवलं. ओंजळभर फळं नाकारल्यावर त्यांचं भांडं कोणत्या तोंडानं घ्यायचं? रात्रभर गुळांबा त्यातच मुरत ठेवला. सकाळी बघते तर कडेनं हिरवा, आणि चव तांब्याचा पैसा चाटल्यासारखी. पार कळकला होता. उकिरड्यावर ओतला तर कोंबड्यासुद्धा फिरकल्या नाहीत. चौथीपर्यंतचं शहाणपण तेवढंच.

शिपाई दारात येऊन उभा. मी मोठ्यानं भोकाड पसरलं. आत्याबाईंनी उतरंडीतून एक गाडगं काढलं. वाऱ्यानं पडलेली, मी डागाळली म्हणून फेकलेली फळं महिनाभर वेचून त्यांनी मीठ लावून वाळवली होती. ती फडक्यात बांधून त्यांनी शिपायाच्या हातावर ठेवली. मला रागावल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

दोनेक महिन्यांनी पत्र आलं. मी मोठ्या तोऱ्यात वाचायला बसले. 'आईच्या हातची खारी बोरं पोचली. या खेपेची बोरं निराळीच, एकेकात तीन तीन बिया. सगळ्यांनी लुटून खाल्ली.' आणि शेवटी, 'परड्यातल्या झाडाला अजून फळ नाही वाटतं. असू दे. झाड जपावं.'

ती ओळ गाळावी असं मनात आलं. पण वाचली. आत्याबाई पदर तोंडाला लावून हसत सुटल्या. हसू ओसरल्यावर त्यांनी दौत पुढं सरकवली.

"लिव. ती बोरं न्हवती. तुज्या झाडाचीच फळं हुती. सुनंनं पाठीवली."

"आन् गुळांबा?"

"त्यो नगं लिवूस. लढाईवर हाय, घरची काळजी कशाला त्येला?"

माझ्याच हातानं माझं खोटं कौतुक मी लिहिलं. अक्षर इतकं वाकडं कधी आलं नव्हतं. पाकीट चिकटवलं आणि तशीच परड्यात गेले. दुसरा बहर पिकत आला होता. ओंजळभर फळं तोडली, धुतली आणि त्या दिवशीच्या आमटीत टाकली.

"लय आंबट हाय गं," आत्याबाई म्हणाल्या, आणि वाटी पुन्हा पुढं केली.