आ कर

"आ कर," पात्रांव म्हणाला, आणि मी आ केला.

तो दुकानाच्या ओट्यावर उभा. मी खाली, पायरीच्या कडेला, गुडघ्यांवर. त्याने चिमटीतला अळसांदा वरून सोडला. बरोबर माझ्या जिभेवर पडला. नेम चांगला होता त्याचा. बोट माझ्या ओठाला लागलं असतं तर परत आंघोळ करावी लागली असती त्याला. म्हणून उंचावरून. मी तोंड मिटलं, दाणा उजव्या दाढेखाली घेतला आणि चावला.

कट्ट.

"आयकलंस?" पात्रांव गिऱ्हाइकाला म्हणाला. "खणखणीत सुको. पेडण्याचो अस्सल."

गिऱ्हाईक हसलं. "बरी मशीन आसा रे तुजी!"

मीही हसले. आता इथे मला लाज वाटते असं लिहायला हवं. वाटत नाही. तेव्हाही वाटली नव्हती. चावलेला दाणा थुंकायला दुकानामागच्या गटारापर्यंत जावं लागायचं, पायरीवर थुंकायची मुभा नव्हती. एवढं लांब कोण जाणार? मी गिळून टाकला.

ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगते. अळसांदा म्हणजे तुमच्या चवळीचा दांडगा गोवेकर भाऊ. पावसाळी भात काढलं की त्याच शेतात आम्ही तो पेरतो, शेणाने सारवलेल्या खळ्यात वाळवतो, राखेत घालून ठेवतो. आणि पात्रांव म्हणजे मालक. पोर्तुगीज गेले, पाव आणि पात्रांव ठेवून गेले.

अळसांदा नीट वाळला की नाही ते चावूनच कळतं. ओला असला तर दात रुततो, आवाज होत नाही. ओला माल गोणीत भरला की आठ दिवसांत बुरशी. म्हणून घेणारा चावून बघतो, सगळीकडे तीच रीत. पात्रांवही चावायचा. वरच्या वाड्यावरचा माल आला की स्वतःच्या तोंडात टाकायचा, डोळे मिटायचा, मान हलवायचा. आमच्या वाड्यावरचा दाणा मात्र आमच्याच तोंडात. तो नुसता ऐकायचा.

शिजवून खायचा हां आमचेच. नारळाचा रस घालून केलेलं तोणाक, त्यात आमचे अळसांदे, वाटीभर. शिजल्यावर दाण्याला वाडा राहत नसावा.

मी तेव्हा वीस-बावीसची. लग्न होऊन त्या वाड्यावर आलेली. दात बत्तीसच्या बत्तीस, पांढरे सफेद. पहिल्यांदा सासूबरोबर माल घेऊन गेले, पात्रांवाने आ करायला लावला, मी चावला, आणि काय तो आवाज! पात्रांव खूश. म्हणाला, दर बाजाराला ये, पायरीशी अळसांदे निवडायला बस, आणि गिऱ्हाईक आलं की चाव.

मला काय वाटलं असेल? मला वाटलं, मी मोठी झाले.

खोटं नाही सांगत. बाजाराच्या दिवशी मी आंब्याच्या पानाने दोनदा दात घासायची. कांदा खायची नाही, पात्रांवाच्या दाण्याला वास लागेल म्हणून. विहिरीवर बायकांना सांगायची, "माज्याशिवाय पात्रांवाचा दुकान चलना." बायका गप्प राहायच्या. मला वाटायचं, जळतात. धाकटी जाऊ शेवंती तेवढी म्हणायची, "वयनी, तुजो पगार दातांचो काय तोंडाचो?" मी तिला म्हणायची, तुझा एक दात पुढे आहे म्हणून तुला कोणी बोलवत नाही. अशी मी. आज तेव्हाची ती मी समोर आली तर तिच्या डोक्यात टपली मारीन. आणि मग जवळ घेईन की नाही, सांगता येत नाही.

दुकानाच्या मागच्या दाराला ट्रक लागायचा. घाटावरून गोणी यायच्या. मी मराठी शाळेत चौथीपर्यंत शिकलेली. गोणीवरची अक्षरं मला वाचता यायची. जोडाक्षराला अडखळायची, पण वाचायची. कुठली कुठली नावं. राजस्थानातली, कर्नाटकातली. काही गोणींवर तर मला न कळणारी इंग्रजी. म्हणायचे, बोटीतून मुंबईला उतरला तो माल. सगळ्या देशाचं कडधान्य फिरत फिरत पेडण्यात येतं याचंच मला नवल. दाणे बारीक, फिके, डोळा टाचणीच्या टोकाएवढा. आमचा अळसांदा लालसर, जाड, डोळा काळा आणि रुंद, काजळ घातल्यासारखा.

ते फिके दाणे गोणीत खाली जायचे. वर आमचा एक थर. गिऱ्हाईक आलं की पात्रांव वरचा दाणा उचलायचा. आ कर. कट्ट. पेडण्याचो अस्सल. आणि तराजूत खालून भरायचा.

हे मी बघायची. दर आठवड्याला. आणि मनात म्हणायची, हुशार हो आमचो पात्रांव. आमचो!

मग तो बाजार आला. चतुर्थी आठ दिवसांवर. दुकानात पाय ठेवायला जागा नाही. आमचा माल संपत आलेला, वरचा थर पातळ झालेला. म्हापशाचं एक मोठं गिऱ्हाईक दोन गोणी घ्यायला उभं. पात्रांवाने घाईत हात घातला, चिमटी वर नेली आणि सोडली. जिभेवर पडला तेव्हाच कळायला हवं होतं. दाणा हलका होता, गुळगुळीत होता. पण जिभेला कोण विचारतो? नेहमीच्या जोराने चावला.

कट्ट.

मोठा आवाज झाला. इतका मोठा कधी झाला नव्हता.

"आयकलंस?" पात्रांव म्हणाला.

"दी दोनूय गोणी," गिऱ्हाईक म्हणालं.

तो माझ्या दाढेचा आवाज होता.

दाणा कुठल्या गोदामात किती वर्षं पडून होता देव जाणे, खडा झालेला. दाणा अख्खाच राहिला, दाढ उभी चिरली. तोंडात गरम गरम भरलं. गिऱ्हाईक जाईपर्यंत मी तोंड मिटून बसले. हे बघा, माझी अक्कल! रक्त आत धरून बसले, पात्रांवाचा सौदा मोडू नये म्हणून. गिऱ्हाईक गेलं, मी ओंजळ पुढे केली, ओंजळीत रक्त, दाढेचा तुकडा आणि तो दाणा.

पात्रांवाने बघितलं. म्हणाला, "रगत गोणीर सांडू नाका हां."

मग, बरं वाटावं म्हणून असेल, म्हणाला, "दावे कुशीक आसत मगो दात?"

डाव्या बाजूला होते. खरंच होते. मी मान हलवली.

सरकारी दवाखान्यात दाढ काढली. इंजेक्शनने अर्धं तोंड बधिर केलं. डॉक्टर म्हणाला, दोन तासांत उतरेल. ते पूर्ण कधी उतरलंच नाही. आजही उजव्या गालावर माशी बसली तर मला कळत नाही. नात सांगते तेव्हा कळतं.

पुढच्या बाजाराला मी गेले. हो, गेले! लोक आता म्हणतात, आजीने बंड केलं. वाड्यावर कार्यक्रम झाला तेव्हा एकाने माईकवरून सांगितलं, मी पायरी चढून पात्रांवाला जाब विचारला म्हणून. मी समोर बसून शेंगदाणे खात होते. कसला जाब? गाल भोपळ्यासारखा सुजलेला, जबडा धरलेला. पात्रांव म्हणाला, आ कर. तोंड उघडेनाच. नकार पहिला माझ्या जबड्याने दिला. मी मागून आले.

पात्रांवाने इकडेतिकडे बघितलं. शेवंती माझ्याबरोबर आली होती, मला चक्कर आली तर असावी म्हणून. पात्रांव तिला म्हणाला, "तू ये गो. हांगा बस. आ कर."

शेवंती बसली. वाड्यावर सगळ्यांना तोंडावर सुनावणारी ती शेवंती, गुपचूप गुडघ्यांवर बसली. मान मागे टाकली. तोंड उघडलं. पुढे आलेला तो एक दात. जीभ थोडी बाहेर, दाणा झेलायला. डोळे मिटलेले.

मी तोपर्यंत ते कधी बघितलंच नव्हतं. माझं तोंड मला कुठून दिसणार?

आता दिसलं.

तिचा गळा वर-खाली होत होता. गोठ्यातल्या वासराला औषध पाजताना असंच तोंड वर धरतात. वासरू निदान पाय झाडतं.

पात्रांवाची चिमटी वर गेली. मी हात पुढे केला आणि शेवंतीच्या तोंडावर ठेवला. दाणा माझ्या हाताच्या पाठीवर पडला. टप्. तिथून पायरीवर, पायरीवरून धुळीत.

"हात काड," पात्रांव म्हणाला.

मला पुष्कळ बोलायचं होतं. सुजलेल्या तोंडातून एवढंच निघालं, "ना."

आमच्याकडे तेवढं पुरतं.

त्या वर्षी पात्रांवाने वाड्यावरचा एक दाणा घेतला नाही. सासू मला म्हणाली, "एका दाण्यापायी गो?" आम्ही डोक्यावर टोपल्या घेऊन म्हापशाला गेलो, डिचोलीला गेलो, रस्त्याच्या कडेला गोणपाटावर बसून विकलं. ज्याला चावून बघायचं असेल त्याने आपल्या तोंडाने बघावं, असं मी सांगायची. काही बघायचे. काही आमच्याकडे बघून निघून जायचे.

पात्रांव मेला. गोष्ट इथे संपायला हवी होती. नाही संपली.

गेल्या मार्चात त्याचा मुलगा माझ्या घरी आला. मुलगा म्हणजे केस पिकलेला. तुयेच्या कारखान्यांच्या वसाहतीत त्याची शेड आहे. तिथे अळसांदे पाकिटात भरतात, दिल्लीला, बंगळूरला पाठवतात. माझी नात दीक्षा तिथेच पाकिटं भरते. दोन वर्षं झाली, कायम केलेली नाही.

चपला बाहेर काढून आला. खाली चटईवर बसला. आमच्या कपातून चहा प्याला, सगळा. मला आज्जी म्हणाला. मी म्हटलं, जग बदललं हो.

त्याला पाकिटावर माझा फोटो हवा होता. आणि फोनवर घालायला माझी छोटी फिल्म. मी चुलीपाशी बसलेली, दाणा चावते, कट्ट, बस. "बाबा नेहमी सांगायचे," तो म्हणाला, "त्या बायेसारखो दात अख्ख्या पेडण्यात ना." हसत सांगत होता. त्यांच्या घरी जेवताना सांगायची गोष्ट आहे ती. माझी दाढ.

"आज्ये, हो म्हण," दीक्षा माझ्या कानात म्हणाली. "पुढल्या म्हयन्यात माका कायम करतलो. म्हणालो तो."

त्याने पिशवीतून मूठभर दाणे काढून सुपात ओतले. मी बघितलं. बारीक. फिके. डोळा टाचणीएवढा.

"खंयचो हो?" मी विचारलं.

"आज्जी, आता सगळा देश एकच बाजार. दाणा कुठला ते कोण बघतो? गोष्ट कोणाची ते बघतात." मग त्याने फोन वर धरला, डोळा बारीक केला आणि म्हणाला, "हां, आ करा, आज्जी."

आ करा. मान आला होता. शब्द तोच होता.

मी दाणा चिमटीत धरला. गुडघ्यांवर हात देऊन उठले. तो खाली, मी वर. म्हटलं, "पयलो तू आ कर."

त्याला गंमत वाटली. फोन दीक्षाकडे दिला, म्हणाला, हे पण घे शूट करून. आणि त्याने आ केला. सहज. हसत. सोन्याची एक दाढ दिसली. त्याला आ करताना काही झालं नाही. कधी करावा लागलाच नव्हता तर काय होणार?

चिमटी त्याच्या तोंडावर होती. मनात आलं, सोड गो म्हातारे. नेम तुझाही चुकणार नाही. वाट बघितलीस ना?

नाही सोडला. त्याचा हात ओढला, तळव्यावर दाणा ठेवला, बोटं मिटवली. "चाव," मी म्हटलं. "तुज्या दातान. मागीर सगळ्यांक सांग, खंयचो तो."

त्याने मूठ उघडली, दाणा बघितला, म्हणाला, "दाढेचं काम चालू आहे माझं. कडक चावायचं नाही म्हणालाय डॉक्टर."

आणि दाणा खिशात टाकून गेला.

महिना संपला तेव्हा दीक्षाला सांगितलं, उद्यापासून येऊ नको. घरी आल्यावर ती मला एवढंच म्हणाली, "तुजो एक दात. माजी नोकरी." मी तिला समजावलं नाही. ती खोटं बोलत नव्हती. मला वाईट वाटायला हवं होतं. आत चाचपून बघितलं. गालासारखंच लागलं.

पाकीट बाजारात आलंच. माझ्याऐवजी कुठल्या तरी दुसऱ्या म्हातारीचा फोटो आहे. तिचे दात छान आहेत. तिला काय सांगितलं असेल, मला माहीत आहे.

येत्या बाजाराला मी पात्रांवाच्या त्याच दुकानासमोर बसणार आहे, आता ते मुलाचं. गोणपाट तेच जुनं. एका सुपात माझे अळसांदे, दुसऱ्या सुपात त्याचं पाकीट फोडून ओतलेलं. येणाऱ्याच्या हातात दोन्हीतला एक एक दाणा ठेवणार. हातात. आणि सांगणार, कुठला दाणा कुठचा ते. तो पोलीस आणो, पंच आणो, मी उठणार नाही. पुढच्या बाजारालाही बसेन, त्याच्या पुढच्यालाही. माझ्याकडे आता डावीकडचे तीन दात उरलेत.

ते मी कोणासाठी वाजवणार नाही.