उजवा गाल आणि तीन कॅमेरे

तरुणपणी माझा उजवा गाल फार देखणा होता. म्हणजे एका कॅमेरामननं तसं सांगितलं आणि मी वेडीनं तेवढ्यावर सगळी कारकीर्द उजवीकडून केली. पडद्यावरचा नवरा मेला तरी उजव्या गालानं रडले, बाळ झालं तरी उजव्या गालानं हसले. आमच्या लग्नाच्या फोटोतसुद्धा हे माझ्या उजवीकडे आणि मी मान डावीकडे वळवलेली. सासूबाईंना वाटलं, सूनबाई मांडवातच रुसली.

एकदा एक वयस्क दिग्दर्शक म्हणाले, "बाई, या शॉटला कॅमेऱ्याकडे पाठ करा. पाठीलाही अभिनय येतो." मी मेकअपच्या खोलीत जाऊन रडत बसले. माझी पाठ बघायला कोण तिकीट काढणार? शेवटी त्यांनी तो शॉटच गाळला आणि मी लढाई जिंकल्याच्या थाटात दोन बटाटेवडे खाल्ले.

पुढे यांची बदली दिल्लीला झाली आणि सिनेमे सुटले. हे निवृत्त झाले तोवर मुलानं नोएडात फ्लॅट घेतला होता. खिडकीतून अर्ध्या बांधलेल्या इमारती दिसत आणि त्यांच्यामधून मोहरीची शेतं. टीव्हीवर रोज नवा चॅनल उगवत होता. अशात जवळच्याच एका स्टुडिओतून मालिकेतल्या आईच्या कामासाठी विचारणा झाली. मी "विचार करून सांगते" म्हणाले आणि आलेला माणूस लिफ्टपर्यंत पोचायच्या आत हो म्हटलं. मराठी मंडळात तर चहा यायच्या आधीच सगळ्यांना सांगून झालं. आता काम हातचं गेलं असतं, तर गणपतीत तोंड दाखवायची सोय नव्हती. त्याहून मोठी धाकधूक मनात होती: मला अजून येतं का?

सेटवर पोचले तर तीन कॅमेरे! आमच्या वेळी एकच असायचा, त्यामुळे गाल कुणाकडे करायचा हा प्रश्न नव्हता. इथं तिन्ही एकदम चालू. प्रसंग साधा होता. परदेशी कंपनीत लागलेला मुलगा वेगळं घर घेतोय, आई त्याच्या शर्टांच्या घड्या करता करता ऐकते. मुलानं तोंड उघडलं की माझा उजवा गाल आपोआप मधल्या कॅमेऱ्याकडे. मुलगा बोलतोय माझ्या कानामागे, आणि तिसऱ्या कॅमेऱ्यात नुसता अंबाडा.

"माताजी, बेटे को तो देखिए!" दिग्दर्शक वरच्या काचेच्या खोलीतून माइकवर ओरडला. तो माझ्या मुलापेक्षाही लहान होता. पुन्हा घेतलं, पुन्हा गाल. शेवटी तो म्हणाला, "चलो, लंच के बाद देखते हैं." पडद्याआड कुणीतरी फोनवर दुसऱ्या बाईंना विचारत होतं, "आज फ्री हैं? ब्लाउज़ हम ढीला करवा लेंगे."

मी ताट बाजूला सारलं. आणि तेव्हा ते जुने दिग्दर्शक आठवले. मी सरळ जाऊन या पोरसवदा दिग्दर्शकाला म्हटलं, "बेटा, मैं पीठ करके खड़ी रहूँगी. एक बार देख लो."

"पूरा सीन?"

"पूरा."

कॅमेऱ्यांकडे पाठ करून मी घड्या घालू लागले. मुलगा बोलला. माझे हात थांबले. खांदे जरा खाली आले, ते मी आणले नव्हते, आपणहून आले. मग घडी घातलेला शर्ट मी उलगडला, बाही हातानं सरळ केली आणि पुन्हा घडी घातली. "जेवायला येत जा," एवढं माझं वाक्य, तेही हिंदीत, भिंतीकडे बघून.

माइक खरखरला. मग आवाज आला, "कट. दूसरा टेक नहीं चाहिए." आणि थोड्या वेळानं, हळूच, "उन्हें फ़ोन कर दो, मत आना."

तो भाग घरी सगळ्यांनी मिळून पाहिला. नात वैतागली, "आजी, तुझा फेस तर आलाच नाही यार!" हे मात्र चष्मा पुसत म्हणाले, "लग्नातच पाठ करून उभी राहिली असतीस, तर निदान माझ्या आईला तरी तुझ्या मनातलं कळलं असतं."

त्याच आठवड्यात भाजीबाजारात मी मेथी निवडत होते. मागून एका बाईनं विचारलं, "आप वही हैं ना? कमीज़ वाली माँ?"

मी ऐटीत वळले. सवयीनं, उजव्या गालानं.

ती जरा हिरमुसली. "अच्छा... सामने से तो अलग लगती हैं."

मी पुन्हा मेथीकडे वळले आणि तिला नीट दिसावं म्हणून अंमळ ताठ उभी राहिले.