अण्णांचा नकार घरपोच

शिकागोजवळच्या शॉमबर्गमध्ये आमच्या मराठी मंडळाचं गणपतीतलं नाटक बसायला लागलं, की नाटकापेक्षा बाहेरचेच किस्से जास्त साठतात. २००४ सालचे तर सगळे अण्णांच्या नावावर आहेत.

अण्णा म्हणजे माझ्या शेजारच्या प्रकाशचे वडील. वय नव्वद, सहा महिन्यांसाठी मुलाकडे आलेले. बोलपट नवे नवे निघाले तेव्हा ते कोल्हापुरात एका फिल्म कंपनीत नट निवडायचे. हे कळल्यावर आम्ही नाटकातल्या नटांची निवड त्यांच्याच गळ्यात घातली. त्यांनी ती आमच्यापेक्षा फार मनावर घेतली.

*

ऑडिशन प्रकाशच्या बेसमेंटमध्ये होती. अण्णा खुर्ची भिंतीकडे वळवून बसले.

"अण्णा, माणसं इकडे आहेत," मी म्हटलं.

"चेहरा मेकअपवाला बघेल. मला आवाज ऐकू दे."

आमचे अध्यक्ष देशमुख दिसायला राजबिंडे. हिरो आपणच, असं धरून कडक स्टार्चचा कुर्ता घालून आले होते. त्यांनी हातवारे करत दोन पानं म्हटली.

अण्णा भिंतीलाच म्हणाले, "कुर्ता स्पष्ट ऐकू आला. संवाद राहिले."

*

मूकपटात तलवार गाजवलेला एक हिरो अण्णांच्या कंपनीत काम मागायला आला होता. बोलपटात गाणंही स्वतःच म्हणायला लागायचं, आणि याचा आवाज अगदी पिचका. विशीतल्या अण्णांनी नकाराचं पोस्टकार्ड पाठवून दिलं. आठवड्याने तो कंपनीच्या फाटकाशी येऊन उभा राहिला. "पत्र लिहिणाऱ्याने निदान तोंड तरी दाखवावं," एवढंच म्हणाला. अण्णा कपडेपटाच्या खोलीत लपून बसले.

"तेव्हापासून होकार पोस्टकार्डाने, नकार घरी जाऊन," अण्णा मला म्हणाले. "आणि त्या घरात देतील ते खायचं."

मला हे फार आवडलं. ड्राइव्ह मलाच करायचंय, हे नंतर कळलं!

*

रविवारी अण्णांनी आठ घरांची यादी माझ्या हातात दिली. पहिले देशमुख.

"नाही म्हणायला आलात ना, काका?"

"हो. खिचडी छान झालीय."

देशमुखांनीच अण्णांना आणखी वाढली. आम्ही पुढच्या घरी पोचेपर्यंत फोनाफोनी झाली होती. अण्णा दारात आले म्हणजे आपला पत्ता कट, हे सगळ्यांना कळलं. चौथ्या घरी काकूंनी आधीच ताटं मांडून ठेवली होती.

*

यादीत शेवटचं नाव मेधाचं. नागपूरची बँकेतली नोकरी सोडून लग्नानंतर इकडे आलेली. नवऱ्याच्या व्हिसावर तिला काम करायची परवानगी नाही, त्यामुळे दोन वर्षं अपार्टमेंटमध्ये बसून होती. ऑडिशनला म्हणाली होती, "काका, छोटा रोल द्या, पण मला काहीतरी काम द्या."

गाडीत मी अण्णांना विनवलं, "हिला तरी नाही म्हणू नका हो."

"तू समोर बघून चालव."

मेधाने दार उघडलं आणि आम्हाला बघून तिचा चेहराच उतरला.

"कळलं, काका. बसा, पोहे टाकते."

मला तिथे उभं राहवेना. अण्णांनी कोटाच्या खिशातून शिकागोच्या तळ्याचं चित्र असलेलं पोस्टकार्ड काढलं आणि तिच्या हातात दिलं.

"इथे तिकीट कुठलं लावतात, कळेना."

तिने ते वाचलं. मग पुन्हा पहिल्यापासून वाचलं.

अण्णांनी डायनिंग टेबलाची एक खुर्ची ओढली, भिंतीकडे वळवली आणि तिच्याकडे पाठ करून बसले.

"आता मोठ्याने वाच."